साहेबांना पाठवून द्या!

‘‘वहिनी, तुम्ही कशाला आलात एवढ्या उन्हात? साहेबांना पाठवून द्या की. त्यांना सांगतो सगळं समजावून.’’

एप्रिल आणि मे २०२३ या दोन महिन्यांत हे वाक्य मी किती वेळा ऐकलं, त्याची मोजदाद नाही. गंमत अशी की आमच्या ‘साहेबां’ना गाडी चालवताच येत नाही. ते पुण्याला नोकरीला, महिन्यातून दोनदा येतात ते एस.टी.नं. गाडी शिकले मी, लायसन्स माझं, हवा भरून आणण्यापासून इन्शुरन्स भरण्यापर्यंत सगळं माझ्याकडे. पण गॅरेजच्या दारात उभं राहिलं की आपण फक्त निरोप नेणाऱ्या! खरं बोलणं पुरुषाशीच व्हायचं.

आम्ही बार्शीत राहतो. घरी मी, मुलगी आणि सासूबाई. सासूबाईंना मधुमेह, त्यामुळे डोळ्याच्या पडद्याला सूज आलेली. दर महिन्याला सोलापूरला नेऊन डोळ्यात इंजेक्शन द्यावं लागत होतं. वेळच्या वेळी दिलं तर आहे ती नजर टिकेल, असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलेलं. सोलापूर सत्तर किलोमीटर. एस.टी.नं जाता येतं, नाही असं नाही. पण इंजेक्शननंतर डोळ्याला पट्टी, भर दुपारचं ऊन आणि स्टँडवरची गर्दी, यात पंचाहत्तरीच्या बाईला घेऊन चढ-उतार करायची म्हणजे काय, ते ज्यांनी केलंय त्यांनाच माहीत. म्हणून ती छोटी पाच दारांची गाडी. सेकंड हँडच घेतलेली, पण आमच्या घरात तिला माणसाइतकाच मान.

तर एप्रिलच्या दुसऱ्या आठवड्यात सोलापूरला निघालो होतो. वैराग मागे टाकून थोडं पुढे गेलो आणि गाडी बंद पडली. धक्का नाही, आवाज नाही, धूर नाही. घरातली लाईट जावी तशी गेली. आणि मैत्रिणींनो, चालत्या गाडीत इंजिन बंद पडलं की काय होतं, ते मला त्या दिवशी कळलं. एका बोटानं फिरणारं स्टिअरिंग एकदम जात्यासारखं जड झालं. ब्रेक एक-दोनदा नीट लागला, मग तोही दगडासारखा. मागून ऊसाचा रिकामा ट्रक हॉर्न देत येत होता. कशीबशी गाडी कडेला घेतली तेव्हा हातापायांना कापरं भरलं होतं. सासूबाई मागे शांत बसून होत्या. त्यांना वाटलं, चहाला थांबलोय!

वीस-पंचवीस मिनिटं बाभळीच्या सावलीत बसलो. पुन्हा किल्ली फिरवली तर गाडी पहिल्या झटक्यात चालू! जणू काही झालंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी गावातल्या एका बऱ्यापैकी नाव असलेल्या गॅरेजमध्ये गेले. नाव घेत नाही, कारण त्या माणसाचा राग आता उरलेला नाही आणि असे गॅरेजवाले प्रत्येक गावात आहेत. त्यांनी बॉनेट उघडलं, दोन वायरी हलवल्या आणि निकाल दिला, ‘‘बॅटरी गेलीय.’’ म्हटलं, बॅटरी गेली असती तर गाडी पुन्हा चालू कशी झाली? ‘‘ते तसंच असतं वहिनी, तुम्हाला नाही कळायचं. साहेबांना पाठवा.’’ साहेबांना फोन लावला. साहेब म्हणाले, ‘‘त्याला जास्त कळतं, बदलून टाक.’’ चार हजार दोनशे रुपये गेले.

दहा दिवसांनी गाडी पुन्हा बंद पडली. या वेळी, ‘‘पेट्रोलमध्ये कचरा आहे, पंप बसलाय.’’ पेट्रोलचा पंप, फिल्टर, मजुरी मिळून पाच हजार आठशे. मे महिन्याच्या इंजेक्शनला निघालो तर सोलापुरात शिरल्यावर, ऐन सात रस्त्याच्या चौकात, सिग्नल सुटल्यावर गाडी गप्प. चारी बाजूंनी हॉर्न. एक मोटारसायकलवाला जाता जाता ओरडून गेला, ‘‘बाईच आहे!’’ अहो, इंजिन बंद पडलं तर चालवणारा बाप्या असला तरी ते बंदच पडणार ना? पण नाही. गाडी पुरुषाच्या हातात बंद पडली तर गाडी खराब, बाईच्या हातात बंद पडली तर बाई खराब.

तिसऱ्या खेपेला गॅरेजवाल्यांनी मान हलवत सांगितलं, ‘‘गाडीचा कॉम्प्युटर गेलाय. बावीस-पंचवीस हजार धरून चला. साहेबांशीच बोलतो मी.’’ साहेबांचं फोनवर म्हणणं पडलं की विकून टाकू, येतील ते पैसे घेऊ. आणि त्या रात्री सासूबाई भाकरी मोडता मोडता सहज म्हणाल्या, ‘‘अगं, या पुढच्या महिन्यात राहू दे ते इंजेक्शन. एवढं काही अडत नाही माझं. दिसतंय की थोडं.’’

दिसतंय की थोडं! माझ्या घशाखाली घास उतरला नाही. गाडीतला कुठला तरी एक भाग बिघडला होता. तो कुठला, ते कुणी शोधत नव्हतं. आणि त्याची किंमत एका म्हातारीचा डोळा मोजणार होता.

त्या रात्री मी मुलीची जुनी वही घेतली आणि आठवून आठवून लिहून काढलं. गाडी कधी कधी बंद पडली? किती वेळ चालल्यावर? ऊन होतं की संध्याकाळ? एसी चालू होता की बंद? किती वेळानं पुन्हा सुरू झाली? पाच वेळा बंद पडली होती. पाचही वेळा पस्तीस-चाळीस मिनिटं चालल्यावर. पाचही वेळा भर दुपारी. पाचही वेळा वीस-पंचवीस मिनिटांनी आपोआप सुरू. सकाळी मुलीला क्लासला सोडताना एकदाही नाही.

यात हुशारी काही नाही हो. लेकराला ताप आला की आपण डॉक्टरांना काय सांगतो? परवापासून आहे, रात्रीच चढतो, थंडी वाजून येतो, घाम आला की उतरतो. यावरून डॉक्टर निम्मं ओळखतात. आपण बायका हे जन्मभर करत आलोय. दूध का नासलं, कुकरची शिट्टी का होत नाही, विरजण का लागलं नाही, हे सगळं असंच शोधतो. फक्त गाडीच्या बाबतीत आपण ठरवून टाकलेलं असतं, की हे आपलं नव्हे.

शेजारच्या काकूंनी परांडा रोडवरच्या एका चाचांचं गॅरेज सांगितलं. पत्र्याची शेड, पुढे लिंबाचं झाड. चाचा साठीच्या पुढचे, सोबत आय.टी.आय. झालेला पुतण्या. मी मनाशी तयारी करूनच गेले होते, की हेही आता साहेबांना बोलवतील. चाचांनी विचारलं, ‘‘गाडी कोन चालवतं?’’ म्हटलं, मीच. ‘‘मग तुमीच सांगा ताई. गरम झाल्यावर बंद पडती का गार असताना?’’

मी वही पुढे केली.

चाचांनी चष्मा लावून ती वाचली, दोनदा वाचली, आणि पुतण्याला म्हणाले, ‘‘अर्धं काम ताईंनीच केलंय रे.’’ खरं सांगते, दहावीला पहिला वर्ग आला तेव्हाही इतकं बरं वाटलं नव्हतं!

पुतण्यानं स्टिअरिंगखालच्या एका खोबणीत एक छोटं यंत्र खोचलं. हल्लीच्या गाड्या आपला आजार लिहून ठेवतात. जुन्या कार्ब्युरेटरच्या गाड्यांचं तसं नव्हतं. १९८३ साली मारुती ८०० आली तेव्हा मेकॅनिकचे कान आणि नाक हेच यंत्र. आता पेट्रोल किती सोडायचं, ठिणगी कधी टाकायची हे सगळं एक कॉम्प्युटर ठरवतो आणि त्याला खबर देणारे सेन्सर इंजिनभर बसवलेले असतात. काही गडबड झाली की कॉम्प्युटर तिचा नंबर नोंदवतो. आमच्या गाडीत नंबर निघाला पी ०३३५. अर्थ असा, की क्रँक सेन्सरकडून येणारी खबर नीट येत नाही.

मी म्हटलं, झालं तर मग, सापडलं! बदला तो सेन्सर. चाचा हसले. म्हणाले, ‘‘ताई, मशीन सांगतं कुठं दुखतंय. का दुखतंय ते आपन बघायचं. वायर तुटली असली तरी हाच नंबर येतो.’’

हे मला फार महत्त्वाचं वाटतं. कारण आता मोबाईलला जोडायची ही यंत्रं स्वस्तात मिळतात, आणि नंबर आला की तो पार्ट बदलायचा अशी नवीनच घाई सुरू झाली आहे. पूर्वी अंदाजपंचे बॅटरी बदलायचे, आता अंदाजपंचे सेन्सर बदलतात. नंबर म्हणजे निदान नव्हे. पोट दुखतंय म्हटल्यावर कुणी लगेच अपेंडिक्स काढत नाही.

हा क्रँक सेन्सर म्हणजे काय, ते चाचांनी मला मातीत काडीनं काढून दाखवलं. इंजिनचा जो मुख्य दांडा फिरतो, त्याच्याबरोबर एक दातेरी चकती फिरते. काही गाड्यांत त्या चकतीला साठ दातांची जागा असते, पण त्यातले दोन दात मुद्दामच ठेवलेले नसतात. चकतीच्या अगदी जवळ, पण तिला न टेकता, हा बोटभर सेन्सर बसवलेला असतो. आमच्या गाडीतल्या सेन्सरच्या पोटात एक लोहचुंबक आणि त्याभोवती केसासारख्या बारीक तारेचं वेटोळं. समोरून एकेक दात गेला की तारेत एकेक बारीकसा विजेचा ठोका उमटतो. कॉम्प्युटर हे ठोके मोजतो आणि मधली ती मोकळी जागा आली की त्याला कळतं, दांडा अमुक ठिकाणी आला. त्यावरून पेट्रोल आणि ठिणगी यांची वेळ ठरते. भजनात टाळकरी असतो ना, तसं समजा. त्याचा ठेका थांबला की गाणाऱ्यांना कुठं धरायचं ते कळत नाही, सगळे गप्प होतात.

तशीच आमची गाडी गप्प होत होती. पेट्रोल होतं, बॅटरी होती, पंपही होता. ठेकाच थांबत होता.

पण थांबत का होता? आणि तेही गरम झाल्यावरच? चाचांनी आधी सेन्सरच्या वायरी तपासल्या. कुठं घासून उघडी पडलीय का, जोडाला गंज आहे का, इंजिन चालू ठेवून वायर हलवली तर बंद पडतं का. काही नाही. मग म्हणाले, ‘‘चला, गाडी आजारी पाडून आनू.’’ पुतण्या यंत्र हातात धरून शेजारी बसला आणि चालवायला मलाच बसवलं! दुपारी दोन वाजता, मेचं ऊन, रस्त्यावर चिटपाखरू नाही. आयुष्यात पहिल्यांदा मी गाडी बंद पडावी म्हणून देवाचा धावा करत होते. भगवंतानं ऐकलं. अडतिसाव्या मिनिटाला गेली.

‘‘ताई, स्टार्टर मारा.’’ मारला. इंजिन घरघर फिरत होतं, पण यंत्राच्या पडद्यावर फेरे दिसत होते शून्य. पुतण्यानं पडदा मला दाखवला. ‘‘बघा. इंजिन फिरतंय हे आपल्याला ऐकू येतंय, पण कॉम्प्युटरला वाटतंय ते उभं आहे. मग तो पेट्रोल कशाला सोडेल?’’ मग त्यानं बॉनेट उघडून, इंजिन आणि गिअरबॉक्स जिथे जोडतात तिथे हात घालून, सेन्सरवर ओलं फडकं पिळून ठेवलं. एरवी वीस मिनिटं लागायची, ती गाडी चार-पाच मिनिटांत सुरू झाली.

इतकं झाल्यावर माझी खात्री पटली होती. चाचांची नव्हती! गॅरेजमध्ये गाडी गार होऊ दिल्यावर सेन्सर काढला. एकच बोल्ट असतो हो त्याला. मीटर लावला, आकडा नीट दाखवला. ‘‘आता ह्याला तापवायला पायजे. बायकांचं ते केस वाळवायचं असतंय ना...’’ माझी भाची ब्यूटी पार्लर चालवते. तिला फोन केला, ती हेअर ड्रायर घेऊन स्कूटरवर आली आणि आपण कशासाठी आणलाय हे कळल्यावर डोक्याला हात लावून उभी राहिली.

ड्रायरची गरम हवा सेन्सरवर सोडली. मीटरवरचा आकडा हळूहळू थोडा वाढत गेला. तेवढं चालतं, तार तापली की वाढतोच. आणि मग एकाएकी आकडा नाहीसा झाला. आतली ती केसासारखी तार कुठं तरी तुटलेली होती. गार असताना दोन टोकं एकमेकांना टेकून राहायची, तापून प्रसरण पावली की सुटायची. ड्रायर बंद केला, फुंकर घातली, पाच मिनिटांनी आकडा परत आला. चाचांनी सेन्सर माझ्या तळहातावर ठेवला. ‘‘हा तुमचा चोर.’’

(हे हेअर ड्रायरचं सगळ्या सेन्सरना लागू नाही बरं का. दोन तारांच्या, वेटोळ्याच्या सेन्सरला असं मीटर लावता येतं. काही गाड्यांत तीन तारांचा वेगळ्या जातीचा असतो, त्याची परीक्षा वेगळी. आणि हे घरी करायचं म्हणून सांगत नाहीये. गरम इंजिनात हात घालणं हे खेळ नव्हेत.)

नवा सेन्सर कंपनीच्या अधिकृत दुकानातून, पावती घेऊन आणला. अकराशे पन्नास रुपये. बसवायला पंधरा मिनिटं. जुन्याची जागा पुसून साफ केली, कारण चुंबकाला लोखंडाचा बारीक कीस चिकटलेला असतो. रबराच्या रिंगला तेलाचं बोट लावलं, सेन्सर हातानंच दाबून बसवला, ठोकला नाही. बोल्ट आवळला, जोड ‘टक्’ आवाज होईपर्यंत लावला. यंत्रावरून जुना नंबर पुसला आणि पुन्हा मला तासभर उन्हात गाडी फिरवायला लावली. बंद पडली नाही. नंबरही परत आला नाही.

आता खरी गोष्ट सांगते, जी सांगायला मला लाज वाटते. चाचांनी हिशोब लिहिला : सेन्सर ११५०, बसवणावळ ३००, तपासणी ५००. आणि माझ्या तोंडून निघून गेलं, ‘‘तपासणीचे पाचशे?’’

चाचा काही बोलले नाहीत. पुतण्यानं मान खाली घातली. आणि मला एकदम चपराक बसल्यासारखं झालं. बॅटरी आणि पंपाचे मिळून दहा हजार मी चकार शब्द न काढता दिले होते. का? तर वस्तू दिसत होत्या, खोक्यात होत्या. आणि ज्या कामामुळे दोष सापडला, दोन माणसांनी माझी अख्खी दुपार नव्हे तर स्वतःची अख्खी दुपार घातली, त्याचे पाचशे मला जड झाले! वस्तूला पैसे द्यायचे, डोक्याला द्यायचे नाहीत.

मैत्रिणींनो, आपणच जर शोधण्याचे पैसे देत नसू, तर गॅरेजवाला कशाला शोधेल? तो पार्ट बदलेल, कारण पोट पार्टवरच्या नफ्यावर भरतं. त्या पहिल्या गॅरेजवाल्यांचा राग गेला तो यामुळे. त्यांनीही कधी काळी कुणाच्या तरी गाडीचा दोष दोन तास खपून शोधला असेल आणि गिऱ्हाईक म्हणालं असेल, ‘‘नुसती वायर तर जोडली, तिचे कसले पैसे?’’ असं चार वेळा झालं की माणूस शहाणा होतो. मग तो वायर जोडतो आणि बिल पंपाचं करतो. मला फसवलंच असं मी म्हणणार नाही. त्यांनी अंदाज केला, तो माझ्या पैशानं केला, आणि चुकला तेव्हा त्याची जबाबदारी घेतली नाही. चूक ती. शिवाय ‘तुम्हाला नाही कळायचं’ म्हणून प्रश्नच उडवून लावला. तो प्रश्न बरोबर होता.

आणि दिसत नसलेल्या कामाचं मोल नसणं हे आपल्याला कुणी शिकवायला नको. सासूबाईंची गोळी संपत आलीय हे आठवणं, मुलीचा चेहरा आज उतरलेला का ते ताडणं, गॅस किती दिवस पुरेल याचा हिशोब ठेवणं, याची कुठल्या घरात नोंद होते? ‘दिवसभर घरी काय करतेस’ हे ऐकून ज्यांचं डोकं तापतं, त्या आपणच गॅरेजमध्ये ‘नुसतं बघितलं त्याचे पाचशे?’ म्हणतो. मी म्हटलं, ते मीच म्हटलं.

पैसे दिले. माफीही मागितली. चाचा म्हणाले, ‘‘जाऊ द्या ताई, सगळेच म्हनतात.’’ ते जास्त लागलं.

तेव्हापासून मी माझ्या ओळखीतल्या, गाडी चालवणाऱ्या प्रत्येकीच्या मागे लागले आहे. गाड्या आता आणखी ‘बोलक्या’ झाल्या आहेत. १ एप्रिल २०२० पासून देशभर बीएस-६चे नियम लागू झाले, तेव्हापासूनच्या गाड्यांत सेन्सर आणखी वाढले. नव्या स्कूटरमध्येसुद्धा पेट्रोल सोडायचं काम कॉम्प्युटर करतो आणि समोर इंजिनच्या चित्राचा पिवळा दिवा असतो. म्हणजे ज्या स्कूटरवरून आपण भाजी आणतो, तिलाही हे लागू. किल्ली फिरवली की तो पिवळा दिवा लागला पाहिजे आणि इंजिन सुरू झालं की विझला पाहिजे. लागूनच राहिला तर घाबरून जाऊ नका, पण महिनोन्‌महिने तसंच फिरवूही नका, वेळेवर दाखवा. गाडी धक्के देत असेल आणि दिवा लुकलुकत असेल तर मात्र रेटू नका. आणि लाल दिवा, ऑईलचा किंवा तापमानाचा, लागला तर आहे तिथे कडेला घेऊन इंजिन बंद. लग्नाला उशीर झाला तरी चालेल. हे एवढंसुद्धा आपल्या ड्रायव्हिंग स्कूलमध्ये सांगत नाहीत. मी शिकले तिथे बॉनेट उघडायची कळ कुठे असते तेही दाखवलं नव्हतं. ‘‘मॅडम, त्याची तुम्हाला गरजच पडणार नाही,’’ असं सर म्हणाले होते!

‘कशावरून?’ हा शब्द फार उपयोगी आहे. पंप गेलाय? कशावरून? दाब मोजला का? कॉम्प्युटर गेलाय? कशावरून? दुसरं काय काय तपासलं? भांडायच्या सुरात नव्हे. विरजणाला दूध कोमट होतं का, हे सुनेला विचारतो त्या सुरात. चांगला मेकॅनिक या प्रश्नानं खूश होतो, हे मी पाहिलंय. बदललेला जुना पार्ट परत मागायचा आणि पक्कं बिल घ्यायचं. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ प्रमाणे सेवेचं बिल न देणं ही अनुचित व्यापारी प्रथा ठरते, आणि तक्रार करायची झाली तर १९१५ हा राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाईनचा नंबर आहे. मी स्वतः तक्रार केली नाही. बॅटरीचं बिलच घेतलं नव्हतं, कुठल्या तोंडानं करणार?

कुणी म्हणेल, घरचं-दारचं काय कमी आहे, त्यात आता हेही शिकायचं? प्रश्न रास्त आहे. मलाही इंजिन खोलायचं नाही, हात काळे करायची हौस नाही. स्वयंपाक येणारा प्रत्येक जण आचारी होत नाही. पण मीठ कमी आहे हे तर सांगता येतं ना? आणि मुख्य म्हणजे, पुरुषांनाही हे येत नाही हो! बॉनेट उघडलं की ते कमरेवर हात ठेवून जाणत्यासारखं आत बघतात, एवढाच फरक. आमच्या साहेबांना मी सेन्सर दाखवला तेव्हा ते म्हणाले, ‘‘हे पंपाचं बूच का?’’

जूनचं इंजेक्शन वेळेवर झालं. जाताना वैरागच्या पुढे ती बाभळ आली तेव्हा मी नकळत वेग कमी केला. सासूबाई म्हणाल्या, ‘‘थांब गं, चहाला थांबतो आपण इथं.’’

त्या बंद सेन्सरला मी फेकलेलं नाही, स्वयंपाकघरातल्या ड्रॉवरमध्ये सांडशीशेजारी पडलेला असतो. गेल्या महिन्यात आमच्या भिशीतल्या एकीची गाडी मधूनच बंद पडायला लागली. गॅरेजवाल्यानं तिला सांगितलं होतं, साहेबांना पाठवा. मी तिला वही आणि पेन दिलं आणि विचारलं, ‘‘गरम झाल्यावर बंद पडते की गार असताना?’’ तिला घेऊन परवा चाचांकडे गेले. भाचीचा हेअर ड्रायर तिथेच आहे, खिळ्याला टांगलेला. ग्रीसची बोटं उमटलेला तो ड्रायर ती काही परत न्यायला तयार नाही.